तळ्याचा हिशोब पहाटे साडेचारला मांडा

आम्हाला आलेलं पत्र थोडक्यात असं आहे: ‘आम्ही सहा जण आहोत. दोघं चित्रकार, एक नाटकवाली, एक फोटोग्राफर, एक पर्यावरणशास्त्र शिकवणारा आणि मी. आमच्या भागातलं तळं तीन वर्षांपासून हिरवंगार आहे आणि दर उन्हाळ्यात मासे मरून तरंगतात. यावर काहीतरी करायचं म्हणून पाच हजार प्लास्टिकच्या बाटल्यांचा भलामोठा मासा काठावर उभा करायचा, संध्याकाळी पथनाट्य आणि पोस्टर प्रदर्शन, असा बेत केला. पण आमच्यातच जुंपली आहे. एक म्हणतो, माणूस हाच पृथ्वीला झालेला कॅन्सर आहे. दुसरी म्हणते, राजकारण बदलल्याशिवाय तळं बदलणार नाही. तिसरा म्हणतो, कलेने कलाच राहावं, प्रचार करू नये. तीन महिने हाताशी आहेत, पैसे बेताचे. काय करावं?’

बाटल्यांच्या माशाचा बेत सोडा. प्लास्टिक निरुपद्रवी आहे असं नाही, पण तुमच्या वर्णनावरून तुमचे मासे बाटल्यांमुळे मेलेले दिसत नाहीत. ते गुदमरून मेले असावेत, आणि तेही रात्री. तुमची कलाकृती बाटल्यांकडे बोट दाखवेल, मग लोक तळ्याकाठच्या बाटल्या वेचतील, फोटो काढतील, आणि पुढच्या उन्हाळ्यात मासे पुन्हा मरतील. पर्यावरणाच्या कलेत ही चूक सगळ्यात जास्त होते. डोळ्यांना जे खुपतं त्याची मूर्ती केली जाते, आणि जे दिसत नाही पण मारतं ते सुटून जातं.

आधी तुमच्या तळ्याचा एक दिवस समजून घ्या. ऊन चढलं की शेवाळ प्राणवायू सोडू लागतं. 25 अंशांच्या गोड्या पाण्यात हवेच्या संपर्काने लिटरमागे साधारण 8.2 मिलिग्रॅम प्राणवायू मावतो. दाट हिरव्या तळ्यात दुपारी दोन-तीनच्या सुमारास वरच्या थरात तो याच्याही वर गेलेला असतो. सूर्य मावळला की हा कारखाना बंद. आता तेच शेवाळ, गाळातले जिवाणू आणि मासे असे सगळे मिळून साठलेला प्राणवायू वापरतात. पहाटेपर्यंत शिल्लक घसरत जाते आणि सूर्योदयाच्या आधीच्या तासाभरात ती सगळ्यात कमी असते. लिटरमागे चार मिलिग्रॅमच्या खाली बहुतेक माशांना त्रास सुरू होतो. दोनच्या खाली ते पृष्ठभागाशी येऊन तोंड वासतात. ओळीने दोन-तीन दिवस ढगाळ गेले, किंवा शेवाळाचा थर एकदम मरून कुजू लागला, की पहाट त्यांना गाठता येत नाही. मासेमारांना हे पुस्तकाशिवाय माहीत असतं. आणि सकाळी अकराला येऊन नमुना नेणाऱ्याला ते कधीच दिसत नाही. ‘तपासणीत पाणी ठीक आढळले’ असं पत्र तुम्हाला मिळालं असेल तर ते खोटं असेलच असं नाही, ते फक्त अकरा वाजताचं आहे.

शेवाळ इतकं माजतं कशावर? गोड्या पाण्यात बहुतेक वेळा फॉस्फरसवर, शेतकरी ज्याला स्फुरद म्हणतात त्यावर. 1973 साली कॅनडातल्या ऑन्टॅरिओ प्रांतात एका प्रयोगाच्या तळ्यात हे उघड्यावर दाखवलं गेलं. तळं मध्ये निमुळतं होतं, तिथे आडवा पडदा लावून त्याचे दोन भाग केले. दोन्ही भागांत कार्बन आणि नत्र घातलं, एका भागात त्याबरोबर स्फुरदही. तो भाग हिरवा झाला, दुसरा नाही. या तळ्याचा विमानातून काढलेला फोटो कपडे धुण्याच्या पावडरीतल्या फॉस्फेटवरच्या वादात वर्षानुवर्षं पुरावा म्हणून फिरला. तुमच्या फोटोग्राफरला हा किस्सा मुद्दाम सांगा. तो फोटो कुणी कलाकृती म्हणून काढला नव्हता, पण अनेक कलाकृतींना जे जमत नाही ते त्याने केलं: कारण आणि परिणाम एकाच चौकटीत आणले.

आता तुमच्या भांडणाकडे. 1866 साली जर्मन जीवशास्त्रज्ञ अर्न्स्ट हेकेलने परिस्थितीविज्ञानाला ‘इकॉलॉजी’ हे नाव दिलं ते घर या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून. अर्थशास्त्राच्या इंग्रजी नावाचं मूळही तेच. 1935 मध्ये ब्रिटिश वनस्पतिशास्त्रज्ञ टान्सलीने ‘इकोसिस्टिम’ ही कल्पना मांडताना सजीवांबरोबर माती, पाणी, हवाही त्याच हिशोबात धरली. तेव्हापासून या शास्त्राचा मुख्य प्रश्न ‘निसर्ग किती सुंदर’ हा राहिला नाही. प्रश्न असा आहे: हे कुठून आलं, कुणातून गेलं, कुठे साठलं? हा प्रश्न समाजात आणला की लगेच चौथा प्रश्न उगवतो: हे ठरवलं कुणी? शास्त्र आणि राजकारण यांना जोडणारा सांधा तो आहे.

कॅन्सरवाल्या मित्राने बहुधा ‘डीप इकॉलॉजी’बद्दल, म्हणजे निसर्गाला माणसाच्या उपयोगापलीकडे स्वतःची किंमत आहे या विचाराबद्दल, अर्धवट वाचलंय. नॉर्वेचे तत्त्वज्ञ आर्ने नेस यांनी 1973 साली ती मांडली तेव्हा सात मुद्दे होते. सगळ्या जीवांची समान योग्यता हा त्यातला एक. पण त्याच यादीत वर्गविरोधी भूमिका आहे आणि स्थानिक स्वायत्तताही आहे. लोकांना ती पानं उलटायचा कंटाळा येतो. पुढे 1989 मध्ये इतिहासकार रामचंद्र गुहा यांनी या विचारावर, विशेषतः त्याच्या अमेरिकी अवतारावर टीका केली: माणूस विरुद्ध निसर्ग अशी मांडणी केली की कुठला माणूस किती वापरतो आणि कुठला माणूस हाकलला जातो हा प्रश्न गायब होतो. चिपको आठवा. 1973 मध्ये मंडल गावात लोक झाडांना बिलगायला निघाले ते झाडांवरच्या अमूर्त प्रेमापोटी नव्हे. शेतीच्या अवजारांसाठी लाकूड त्यांना नाकारलं होतं आणि तीच झाडं खेळाचं साहित्य बनवणाऱ्या कंपनीला दिली होती. तुमच्या तळ्यालाही ‘माणसा’ने मारलेलं नाही. सांडपाणी सोडणाऱ्या काही विशिष्ट नळांनी मारलंय. ते नळ मोजता येतात.

‘सामायिक मालमत्ता म्हणजे नासणारच’ असंही गटात कुणीतरी म्हणेल. अमेरिकी जीवशास्त्रज्ञ गॅरेट हार्डिन यांनी 1968 मध्ये ते म्हटलं आणि ते फार पसरलं. एलिनॉर ऑस्ट्रॉम यांनी जगभरची कुरणं, कालवे, मासेमारीचे किनारे तपासून 1990 मध्ये दाखवलं की वापरणाऱ्यांनीच नियम केले आणि वापरणाऱ्यांनीच राखण केली तर अशी मालमत्ता शतकानुशतकं टिकते. त्यांना 2009 मध्ये अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. तुमच्यासाठी याचा अर्थ साधा आहे: सहा जणांच्या गटात सातवा माणूस तळ्यावर मासेमारी करणारा हवा, आणि त्याच्या रात्रीचे व नावेचे पैसे द्यायला हवेत. फुकट ‘सहभाग’ मागू नका.

तर कलाकृती अशी करा. संध्याकाळचं उद्घाटन रद्द. प्रयोग सूर्यास्ताला सुरू होईल आणि सूर्योदयाला संपेल. दर अर्ध्या तासाने नावेतून प्राणवायू मोजायचा आणि आकडा काठावर मोठ्याने वाचायचा. तुमच्या नाटकवालीने पथनाट्याची संहिता बाजूला ठेवून हे आकडे वाचावेत, मध्ये काही न बोलता. चित्रकारांनी काठावर एका लांब कापडावर प्रत्येक आकड्याची उभी पट्टी ओढावी, मिलिग्रॅमला दहा सेंटिमीटर. सूर्यास्ताची पट्टी माणसाच्या उंचीची निघेल किंवा तिच्या आसपास, पहाटेची कदाचित गुडघ्याच्या खाली. लोकांना साडेचारला बोलवा. रात्रभर थांबणारे थोडेच असतील, पण पहाटे पाण्याशी तोंड वासणारा मासा आणि समोर खाली उतरत आलेल्या पट्ट्या हे दोन्ही एकत्र पाहिल्यावर पोस्टर लागत नाही. कलेने कलाच राहावं म्हणणाऱ्या मित्राचीही तक्रार उरणार नाही. इथे घोषणा एकही नाही.

तयारीचा पहिला महिना मोजण्यात घालवा. तीन जागा ठरवा: नाला जिथे मिळतो ती, तळ्याचा मध्य, आणि पाणी बाहेर पडतं ती. प्रत्येक जागी आठवड्यातून एक दिवस, त्या दिवशी दोन वेळा मोजा, सूर्योदयाच्या आधी आणि दुपारी अडीचच्या सुमारास. खोली प्रत्येक वेळी तीच, पृष्ठभागाखाली 30 सेंटिमीटर, आणि जमलं तर गाळाच्या वर हातभर. प्राणवायू मोजायचा मीटर भाड्याने घ्या किंवा कॉलेजच्या प्रयोगशाळेतून मागा, आणि रोज वापरण्याआधी दमट हवेत कॅलिब्रेट करा. प्रोब, म्हणजे पाण्यात बुडवायची दांडी, पातळ पडद्याचा असेल तर तो पाण्यात हळू हलवत ठेवावा लागतो. स्थिर धरला तर तो स्वतःभोवतीचाच प्राणवायू संपवतो आणि आकडा उगाच कमी येतो. विरोधक हीच चूक पकडतील. मीटर नसेल तर रसायनं घालून प्राणवायू मोजायची विंकलरची जुनी पद्धत चालते, फक्त बाटली काठोकाठ भरा, आत एकही बुडबुडा नको, आणि पहिली दोन रसायनं नावेतच घाला. घरी नेऊन घातली तर वाटेत आकडा बदलतो.

पारदर्शकतेसाठी सेकी तबकडी स्वतः बनवा. 20 सेंटिमीटर व्यासाची चकती, चार भाग, आळीपाळीने काळे-पांढरे, खाली वजन, वर दर दहा सेंटिमीटरला खूण केलेली न ताणणारी दोरी. नावेच्या सावलीच्या बाजूने, दुपारच्या आसपास सोडा. दिसेनाशी होते ती खोली आणि वर ओढताना पुन्हा दिसते ती खोली, दोन्हींची सरासरी घ्या. गॉगल काढून.

स्फुरदाची तपासणी मात्र चांगल्या प्रयोगशाळेतूनच करून घ्या. वर्षाची सरासरी लिटरमागे 35 मायक्रोग्रॅमच्या वर गेली की तळं अतिपोषित धरलं जातं, शंभराच्या वर अतिशय. नमुन्याच्या बाटल्या त्यांच्याकडूनच घ्या. घरच्या बाटल्या साबणाने घासून नेल्या आणि साबणात फॉस्फेट असलं तर तुम्ही तळं नाही, साबण मोजून आणाल. नमुने बर्फात, अंधारात, त्याच दिवशी पोचवा.

फोटोग्राफरसाठी: एकच जागा, एकच वेळ, एकच लेन्स, आणि व्हाइट बॅलन्स हाताने ठरवलेला. ऑटोवर ठेवला तर कॅमेरा हिरव्याला गुलाबी घालून ‘सुधारतो’ आणि तीन महिन्यांची मेहनत वाया जाते. चौकटीच्या कोपऱ्यात करडं कार्ड धरा.

आणि गटातला कुणीतरी म्हणेलच की या शेवाळापासूनच रंग बनवून चित्र काढू. नको. दाट हिरव्या थरात नीलहरित जिवाणू असतात आणि त्यातल्या काहींचं विष यकृताला किंवा मज्जासंस्थेला इजा करतं. वाळवून कुटलेली भुकटी नाकातोंडात जाते. हातमोजे घाला, तो थर ढवळू नका, मुलांना आणि कुत्र्यांना लांब ठेवा.

तळ्यावर हिरवे तराफे सोडायची कल्पना तुम्हाला कुणी सुचवली नसेल तर लवकरच सुचवेल. बांबूची चौकट, त्यात झाडं, मुळं पाण्यात लोंबती. देखणं दिसतं, आणि झाडं पाण्यातून स्फुरद खरंच ओढतात. पण गणित करा. चांगल्या वाढलेल्या तराफ्याच्या एका चौरस मीटरवर सुकं वजन किलोभर धरू. त्यात स्फुरद पाव टक्क्याच्या आसपास, म्हणजे अडीच ग्रॅम. एक माणूस मलमूत्रातून रोज साधारण दीड ग्रॅम स्फुरद टाकतो. म्हणजे एका चौरस मीटरची अख्खी कापणी एका माणसाच्या दीड-दोन दिवसांची. शंभर माणसांचं मैलापाणी नाल्याने येत असेल तर रोज 60 चौरस मीटर तराफा कापून बाहेर काढावा लागेल. कापला नाही तर झाडं कुजून सगळं जिथल्या तिथे परत.

म्हणून तराफा उपाय म्हणून सोडू नका, तराजू म्हणून सोडा. दोन मीटर बाय एक मीटरचा एकच. थर्माकोल वापरू नका, त्याचे मणी वर्षभरात पाण्यात सुटतात. स्थानिक पाणवनस्पती घ्या, वीतभर-सव्वा वीत अंतराने लावा. जलपर्णी चुकूनही नको. प्रयोगाच्या पहाटे सगळ्यांसमोर कापा, वजन करा, आणि शेजारी पाटीवर लिहा: ही एका माणसाची इतक्या दिवसांची परतफेड. ओलं वजन सुक्याच्या कित्येक पट असतं, म्हणून थोडा नमुना आधीच वाळवून प्रमाण काढून ठेवा, नाहीतर पाटीवरचा आकडा फुगेल.

या प्रकारच्या कामाला वंशावळ आहे. हान्स हाके या कलाकाराने 1972 मध्ये जर्मनीतल्या क्रेफेल्डच्या संग्रहालयात ऱ्हाइनचं घाण पाणी आणून रसायनांनी गाळ बसवला, मग कोळसा आणि वाळूतून गाळून ते गोल्डफिशच्या टाकीत सोडलं; जास्तीचं पाणी मागच्या बागेत मुरवलं. संग्रहालयाच्या आत जे शुद्ध होत होतं ते शहर बाहेर करत नव्हतं. जर्मन कलाकार योझेफ बॉइस यांनी 1982 मध्ये जर्मनीतल्याच कासेल शहरात सात हजार बसाल्टचे दगड चौकात ओतले आणि सांगितलं की एक झाड लावलं की एक दगड त्याच्या शेजारी रोवायचा. शेवटचं झाड 1987 मध्ये लागलं, बॉइस त्याआधीच्या वर्षी वारले होते. पाच वर्षं चौकातला ढीग घटत होता आणि किती काम बाकी आहे ते येता-जाता सगळ्यांना दिसत होतं. पर्यावरणाच्या कलेतला आम्हाला सगळ्यात हुशार वाटणारा भाग झाडं नव्हेत, तो ढीग.

आता दुसऱ्या मैत्रिणीचा मुद्दा, राजकारण. ती बरोबर आहे, पण ‘राजकारण बदला’ ही मागणी कुणाच्या टेबलावर जाते? ऑस्ट्रेलियाच्या टास्मानिया बेटावरचं पेडर सरोवर 1972 मध्ये जलविद्युत प्रकल्पाखाली बुडालं. ओलेगास त्रुखानास या छायाचित्रकाराने त्याच्या पारदर्शिका (स्लाइड) दाखवून सभागृहं भरवली होती, तरी बुडालं. त्याच लढ्यातून 1972 मध्ये निघालेला गट जगातला पहिला हरित पक्ष मानला जातो. त्यालाही निवडणुकीत जागा मिळाली नाही. 1983 मध्ये त्याच बेटावर फ्रँकलिन नदीवरचं धरण मात्र थांबलं. पीटर डोम्ब्रोव्स्किस यांचा धुक्यातल्या नदीचा फोटो निवडणुकीच्या तोंडावर वर्तमानपत्रांत पानभर छापला गेला, आणि खाली मतदाराला प्रश्न होता: हे नष्ट करणाऱ्या पक्षाला मत देणार का? पुढे ऑस्ट्रेलियाच्या सर्वात वरच्या न्यायालयात चार विरुद्ध तीन असा निकाल लागला. पहिल्या वेळी चित्रं कमी सुंदर होती असं नाही. दुसऱ्या वेळी चित्राला तारीख होती आणि निर्णय घेणारा माणूस होता.

म्हणून मागणी एकच ठेवा आणि ती एककात ठेवा. प्रयोगाच्या आधी लेखी विचारा: तळ्यात येणाऱ्या नाल्यात कोणत्या वस्त्यांचं मैलापाणी येतं, रोज किती? शुद्धीकरण केंद्राची क्षमता किती आणि प्रत्यक्षात किती पाणी जातं? तिथे स्फुरद काढतात का? बाहेर सोडायच्या पाण्यात त्याची मर्यादा ठरलेली आहे का? अंदाजपत्रकात या कामाचं शीर्षक कोणतं, आणि ते कुठल्या बैठकीत मंजूर होतं? प्रयोगाची तारीख त्या बैठकीच्या आधीच्या आठवड्यातली ठेवा. एका प्रश्नाचंही उत्तर आलं नाही तर प्रश्न आणि तारीख कापडाच्या शेवटी लिहून टाका.

उत्तरादाखल तुम्हाला कारंजं मिळेल. जवळजवळ खात्रीने. कारंजं, दिवे, काठाला सिमेंटची भिंत आणि फिरायला फरशी. कारंज्याने आसपासच्या थोड्या पाण्यात प्राणवायू वाढतो, स्फुरद तसंच राहतं; भिंतीमुळे काठचं लव्हाळं जातं, आणि तेच थोडंफार गाळणीचं काम करत असतं. खुशीने स्वीकारून टाळ्या वाजवू नका. दुसरा धोका जास्त वाईट आहे. ‘तळं वाचवा’ची पहिली कारवाई पुष्कळदा काठावरच्या झोपड्यांवर होते, आणि पक्क्या इमारतींचे नळ मातीखाली असल्याने कुणाला दिसत नाहीत. तळ्याचा एक नकाशा करा, त्यात हे नळ ठळक काढा आणि मागणीच्या कागदावर एक वाक्य स्पष्ट लिहा की कुणालाही उठवणं हा यातला भाग नाही. नंतर लिहिलं तर उशीर झालेला असतो.

लोकांना वचन देतानाही जपून. नाला उद्या वळवला तरी तळं लगेच निवळेलच असं नाही. गाळातलं स्फुरद लोहाला धरून असतं. तळाशी प्राणवायू संपला की ते सुटून पुन्हा पाण्यात येतं. वरून बंद झालेला पुरवठा खालून चालू राहतो, कधी कधी वर्षानुवर्षं. ‘एका वर्षात स्वच्छ तळं’ असं पोस्टर लावलंत तर पुढच्या उन्हाळ्यात तुमचंच पोस्टर तुमच्यावर उलटेल. रेचल कार्सन यांच्या कीटकनाशकांवरच्या 1962 च्या ‘सायलेंट स्प्रिंग’ या पुस्तकावर कीटकनाशक कंपन्या तुटून पडल्या तेव्हा त्यांनी सगळी कीटकनाशकं बंद करा असं म्हटलेलंच नव्हतं, बेसुमार वापराला विरोध केला होता. दावा जितका नेमका तितकी तोडफोड अवघड.

शेवटी तराफ्याची देखभाल, कारण प्रयोग संपल्यावर तो पाण्यातच राहणार. अमेरिकी कलाकार मिअर्ल लॅडरमन युकेलिस यांनी 1969 मध्येच देखभाल हीच कला असा जाहीरनामा लिहिला, आणि 1979-80 मध्ये न्यूयॉर्कच्या साडेआठ हजार सफाई कामगारांशी एकेक करून हात मिळवला. तुमच्या गटातलं कोण चौथ्या महिन्यात नावेत बसणार, ते आजच कागदावर लिहा. दर सहा-आठ आठवड्यांनी कापणी करा, बुंधा पाण्याच्या वर वीतभर ठेवून. कापलेलं काठावर टाकू नका, पहिल्या पावसात ते परत तळ्यात जातं. काठापासून दूर, उतार तळ्याकडे नसेल अशा जागी खत करा. नाल्यात कारखान्यांचंही पाणी येत असेल तर आधी जड धातूंची तपासणी करून घ्या, तोवर ते खत भाजीपाल्याला घालू नका आणि हिरवा पाला गुरांपुढेही टाकू नका. बांबू एक-दोन हंगामांत पाणी पिऊन जड होतो. चौकट पाण्याशी समपातळीत आली की बदलायची वेळ झाली.